पाणी तपासताना : क्षेत्र-अभ्यास आणि आपली जबाबदारी

आमच्या शाळेच्या प्रयोगशाळेत खिडकीखाली एक लाकडी फडताळ आहे. त्यात काचेच्या लहान लहान बाटल्या ओळीने मांडलेल्या असतात. माजी विद्यार्थ्यांना त्या नक्कीच आठवत असतील. वर्षातून दोनदा, एकदा पावसाळ्यात आणि एकदा उन्हाळ्याच्या तोंडावर, नववीचे विद्यार्थी या बाटल्या घेऊन परिसरातील गावांत जातात. विहीर, आड, हातपंप, ओढा अशा पाणीस्रोतांचे नमुने घेतात, त्यांची नोंद करतात आणि दोन दिवस त्या बाटल्यांवर लक्ष ठेवतात. ‘काळी झाली का?’ हा प्रश्न त्या दोन दिवसांत वसतिगृहाच्या जेवणाच्या पंगतीतही ऐकू येतो.

स्मरणिकेच्या संपादक मंडळाने विज्ञानविषयक लेख मागितला, तेव्हा आम्ही प्रथम संकोचलो, कारण आमचा विषय इतिहास आहे. परंतु विचार करता असे जाणवले की, क्षेत्र-अभ्यास ही विज्ञान आणि इतिहास यांची सामाईक भूमी आहे. दोघांनाही पुरावा लागतो. इतिहासाचा पुरावा दप्तरखान्यात आणि शिलालेखांत असतो, विज्ञानाचा पुष्कळसा पुरावा उघड्या आकाशाखाली, लोकांच्या शेतात आणि अंगणात असतो. म्हणूनच तो गोळा करणाऱ्याची जबाबदारी अधिक असते. ही जबाबदारी आम्हांला पुस्तकाने शिकवली नाही. ती आमच्या स्वतःच्या एका चुकीने शिकवली. ती चूक येथे नोंदवून ठेवणे हे आम्ही कर्तव्य समजतो.

पहिले सर्वेक्षण

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या शाळेच्या विज्ञान मंडळाने ‘परिसरातील पाणी’ हा प्रकल्प हाती घेतला. त्यासाठी ‘एच-टू-एस’ नावाची सोपी चाचणी निवडली. ही चाचणी भारतीय वैज्ञानिकांनी 1982 मध्ये मांडली. बाटलीत कागदाच्या पट्टीवर सुकवलेले रसायन असते. त्यात 20 मिलिलिटर पाणी घालून बाटली साधारण खोलीच्या उबेत ठेवायची. पाण्यात विष्ठेबरोबर येणारे जिवाणू असतील, तर त्यांतील अनेक जिवाणू हायड्रोजन सल्फाइड वायू तयार करतात. त्या वायूची रसायनातील लोहाशी क्रिया होऊन पाणी काळे पडते. 24 ते 48 तासांत उत्तर डोळ्यांना दिसते. सूक्ष्मदर्शक नको, वीज नको. खेड्यातील शाळेला ही चाचणी वरदानच होय.

आम्ही जवळच्या गावातील आपल्या वस्तीच्या विहिरीचे पाणी घेतले. बाटली दुसऱ्याच दिवशी काळीकुट्ट झाली. विद्यार्थ्यांनी उत्साहाने तक्ता तयार केला. विहिरीचे चित्र काढले, आणि त्याखाली तांबड्या अक्षरांत लिहिले, ‘वस्तीची विहीर – पाणी अशुद्ध’. स्नेहसंमेलनातील प्रदर्शनात तो तक्ता दर्शनी भागात लावला. पाहुण्यांनी कौतुक केले. आम्हीही सुखावलो.

पंधरा दिवसांनी त्या वस्तीतील एक वृद्ध आजी शाळेत आल्या. त्यांची सून गावच्या प्राथमिक शाळेत पोषण आहार शिजवण्याच्या कामावर होती. आमचा तक्ता पाहून गेलेल्या काही जणांनी गावात चर्चा सुरू केली होती की, ज्या विहिरीचे पाणी अशुद्ध, तिथले पाणी पिणाऱ्या बाईच्या हातची खिचडी मुलांनी का खावी? आणि आता हे बाबासाहेबांचे नाव घेणाऱ्या शाळेनेच सिद्ध केले आहे, मग आम्हांला कोण काय बोलणार? त्या ताईंना काम थांबवण्यास सांगण्यात आले.

आजी रागावल्या नाहीत. व्हरांड्यात बसून त्या एवढेच म्हणाल्या, “गुरुजी, माझ्या सासूला पाणी बाटलं म्हणून गावच्या आडावरून हाकलली व्हती. तवा कुणी पाणी तपासलं नव्हतं. तुमी तपासून तेच लिवलं.”

त्या वाक्याला आमच्याजवळ उत्तर नव्हते.

महाडचा धडा आम्ही विसरलो होतो

इतिहासाचे शिक्षक म्हणून महाडचा संग्राम आम्ही दरवर्षी शिकवतो. 4 ऑगस्ट 1923 रोजी मुंबई विधिमंडळात सीताराम केशव बोले, म्हणजेच रावबहादूर एस. के. बोले यांच्या ठरावाने सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत असे ठरले. महाड नगरपालिकेने चवदार तळे खुले असल्याचे ठरवले. तरीही प्रत्यक्षात त्या पाण्याला हात लावण्याची मुभा नव्हती. 20 मार्च 1927 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हजारो अनुयायांसह तळ्यावर जाऊन पाणी प्राशन केले. त्यानंतर सनातन्यांनी 108 घागरींत दूध, दही, शेण, गोमूत्र घालून, मंत्रोच्चारात ते तळ्यात ओतले आणि तळे ‘शुद्ध’ झाल्याचे जाहीर केले.

या घटनेकडे विज्ञानाच्या विद्यार्थ्याने एकदा नीट पाहावे. माणसांनी ओंजळीने पाणी प्याले, म्हणून ते अशुद्ध ठरले. त्याच पाण्यात शेण आणि मूत्र मिसळले, म्हणून ते शुद्ध ठरले. आमच्या फडताळातील एक बाटली त्या दिवशी महाडला असती, तर तिने काय सांगितले असते, हे नववीचा कोणताही विद्यार्थी सांगू शकेल. ‘शुद्ध’ आणि ‘अशुद्ध’ हे शब्द तेथे पाण्याविषयी नव्हतेच. ते माणसांविषयी होते.

पुढे हा वाद न्यायालयात गेला. हे तळे अनादि काळापासून केवळ स्पृश्यांच्या वहिवाटीचे आहे, असा विरोधकांचा दावा होता. 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने तो दावा अमान्य केला, कारण अशी अनादि वहिवाट पुराव्याने सिद्ध झाली नाही. दहा वर्षांच्या लढ्याच्या अखेरीस निर्णायक ठरला तो पुरावा.

हे सारे ठाऊक असूनही आम्ही तक्त्यावर तोच जुना शब्द लिहिला. आमच्या चाचणीने त्या पाण्यात जिवाणू असण्याचा संभव दाखवला होता. ‘अशुद्ध’ असे काहीही तिने सांगितले नव्हते. तो शब्द आमचा होता, आणि तो जेथे जाऊन रुतायचा तेथेच रुतला.

चुका कोठे झाल्या?

आजी गेल्यानंतर आम्ही विद्यार्थ्यांना एकत्र बसवले आणि फळ्यावर आमच्याच प्रकल्पाचे परीक्षण मांडले. चार दोष निघाले. क्षेत्र-अभ्यास करणाऱ्या प्रत्येकाने ते ध्यानात ठेवावेत, म्हणून क्रमाने देतो.

पहिला दोष निवडीचा. आम्ही वस्तीची विहीर तपासली, गावठाणातील विहीर तपासली नाही. का नाही? एका विद्यार्थिनीने हा प्रश्न विचारला, तेव्हा आम्हांला स्वतःशी प्रामाणिक व्हावे लागले. वस्तीतील माणसे आपली, तेथे कोणी अडवणार नव्हते. गावठाणातील विहिरीत दोर सोडू देतील का, ही शंका आम्ही कोणालाही न विचारता मनात धरून ठेवली होती. म्हणजे जी रेषा पुसण्यासाठी आमची शाळा उभी राहिली, तीच रेषा आमच्या नमुन्यांच्या निवडीत उमटली होती. ज्यांच्याकडे सहज जाता येते त्यांनाच तपासायचे आणि निष्कर्षही त्यांच्याविषयीच काढायचे, ही संशोधनातील फार जुनी खोड आहे. गरिबांच्या घरात मोजपट्टी घेऊन जाणे नेहमीच सोपे असते.

दुसरा दोष पद्धतीचा. आम्ही एकच नमुना घेतला होता. आदल्या रात्री जोराचा पाऊस झाला होता, त्याची नोंद केली नव्हती. बादली आणि दोर घरचेच वापरले होते. दोर विहिरीच्या काठाला आणि चिखलाला लागला होता. उकळून थंड केलेल्या पाण्याची बाटली तुलनेसाठी ठेवली नव्हती. त्यामुळे काळेपणा विहिरीचा की आमच्या बादलीचा, हे खात्रीने सांगताच येत नव्हते.

तिसरा दोष शब्दांचा. तो वर सांगितलाच आहे.

चौथा दोष क्रमाचा. ज्यांचे पाणी होते, त्यांना निष्कर्ष सर्वांत शेवटी समजला, तोही दुसऱ्यांच्या तोंडून. पाहुण्यांना आधी, वस्तीला नंतर. हा क्रम उलटा असायला हवा होता.

लंडनमधील एक पंप

या निमित्ताने आम्ही विद्यार्थ्यांना क्षेत्र-अभ्यासाच्या इतिहासातील एक प्रसिद्ध प्रकरण शिकवले. 1854 च्या ऑगस्टअखेर लंडनच्या सोहो भागात कॉलऱ्याची भयंकर साथ आली. अल्पावधीत 600 हून अधिक माणसे दगावली. दूषित हवेमुळे रोग होतो, असे त्या काळी बहुतेक वैद्य मानत. डॉ. जॉन स्नो यांचे मत वेगळे होते. ते घरोघर गेले. कोण दगावले, ते कोठले पाणी पीत होते, हे त्यांनी विचारले. मृत्यूंची घरे ब्रॉड स्ट्रीटवरील एका सार्वजनिक पंपाभोवती दाटलेली दिसली.

स्नो यांचे मोठेपण एवढ्यावर संपत नाही. आपल्या मताच्या विरुद्ध जाऊ शकतील अशी उदाहरणेही त्यांनी शोधली. पंपाजवळच एक अनाथगृहवजा गरीबखाना होता. तेथे 535 माणसे राहत, पण फक्त 5 दगावली. तेथे स्वतंत्र विहीर होती. जवळच्या मद्यनिर्मितीच्या कारखान्यातील कामगार वाचले, कारण ते पंपाचे पाणी पीत नव्हते. उलट, दूर हॅम्पस्टेडला राहणारी एक वृद्धा दगावली. तिला ब्रॉड स्ट्रीटच्याच पाण्याची चव आवडे, म्हणून ती ते मुद्दाम मागवत असे. 8 सप्टेंबर रोजी पंपाचा दांडा काढण्यात आला. तोपर्यंत साथ ओसरू लागली होती, हेही स्नो यांनी लपवले नाही.

या कथेतील दुसरे पात्र बहुधा विस्मरणात जाते. हेन्री व्हाइटहेड हे त्या भागातील तरुण धर्मोपदेशक. स्नो यांचे म्हणणे त्यांना पटले नव्हते, ते खोडून काढण्यासाठीच त्यांनी चौकशी आरंभली. परंतु वस्तीतील घरे, माणसे, त्यांची सुखदुःखे त्यांना ठाऊक होती, आणि लोक त्यांच्याशी मोकळेपणाने बोलत. त्यांनाच पंपासमोरच्या घरातील आजारी तान्ह्या बाळाचा शोध लागला. त्या बाळाची दुपटी धुतलेले पाणी घराच्या शोषखड्ड्यात टाकले जात होते, आणि तो खड्डा विहिरीपासून जेमतेम तीन फुटांवर होता. पुरावा आपल्या मताविरुद्ध गेला तेव्हा व्हाइटहेड यांनी मत बदलले. कॉलऱ्याचा जिवाणू रॉबर्ट कॉख यांनी कोलकात्यात 1884 मध्ये वेगळा करून दाखवला, म्हणजे त्यानंतर 30 वर्षांनी.

विद्यार्थ्यांनी यातून तीन गोष्टी वहीत उतरवल्या. घरोघर जाऊन विचारावे. आपल्या मताविरुद्धचा पुरावा आधी शोधावा. आणि ज्यांच्या वस्तीत आपण जातो, त्यांचे ज्ञान आपल्या उपकरणाइतकेच मोलाचे मानावे. तथागतांनी कालामांना केलेला उपदेशही हाच नव्हे काय? केवळ परंपरेने आले म्हणून, केवळ कोणी थोर सांगतो म्हणून मानू नका, तपासा आणि जे हितकर ठरेल ते स्वीकारा.

दुसरे सर्वेक्षण : तयारी आणि शिस्त

दुसऱ्या वेळी आम्ही सुरुवात बाटल्यांपासून केली नाही, परवानगीपासून केली. सरपंच व ग्रामसेवक यांना पत्र दिले. ग्रामसभेत उभे राहून आमच्या विद्यार्थ्यांनी काय करणार, का करणार, निष्कर्ष कोणाला सांगणार, हे समजावले. आधीच्या तक्त्याबद्दल आम्ही सर्वांसमक्ष दिलगिरी व्यक्त केली. ज्या विहिरी खासगी होत्या, त्यांच्या मालकांना वेगळे भेटलो. ‘नको’ म्हणण्याचा त्यांना अधिकार आहे, हेही स्पष्ट केले. गावठाणातील विहिरीबद्दल विचारले, तेव्हा कोणीही अडवले नाही. एका वृद्ध शेतकऱ्याने तर आमच्या विद्यार्थ्याच्या हातातील दोर स्वतः धरून बाटली खाली सोडली. सर्वत्र असेच घडेल, असे आम्ही म्हणत नाही. परंतु येथे आम्ही न विचारताच नकार गृहीत धरला होता, ही आमची चूक होती.

प्रत्यक्ष कामाचे नियम विद्यार्थ्यांनीच लिहून काढले. ते आजही प्रयोगशाळेच्या दारावर आहेत. त्यांतील मुख्य असे :

एकट्याने कोणीही पाण्याजवळ जायचे नाही. किमान तिघांचा गट, सोबत शिक्षक. विहिरीच्या काठावर वाकायचे नाही. कठडा नसलेल्या विहिरीतून नमुना मोठ्या माणसाने घ्यावा. पायांत बूट, डोक्यावर टोपी, सोबत पिण्याचे पाणी आणि प्रथमोपचाराची पेटी. आभाळ गडगडू लागले की काम थांबवून परतायचे.

नमुना घेण्यापूर्वी हात साबणाने धुवायचे. बाटलीच्या तोंडाला आणि झाकणाच्या आतल्या बाजूला बोट लावायचे नाही. विहिरीसाठी निर्जंतुक केलेली, वजन बांधलेली बाटली स्वच्छ दोराने मधोमध सोडायची, भिंतीला लागू द्यायची नाही. हातपंपाचे पाणी आधी काही वेळ वाहू द्यायचे. प्रत्येक ठिकाणी दोन नमुने घ्यायचे. प्रत्येक फेरीत उकळून थंड केलेल्या पाण्याची एक बाटली बरोबर न्यायची, आणि तिच्यावरही तीच सारी क्रिया करायची. ती काळी झाली तर दोष आपल्या हाताळणीचा समजून सारे काम पुन्हा करायचे.

नोंद जागेवरच करायची, आठवणीवर ठेवायची नाही. तारीख, वेळ, हवामान, शेवटचा पाऊस केव्हा झाला, पाण्याची पातळी, आसपास गोठा, उकिरडा, शौचालय किंवा साचलेले सांडपाणी किती पावलांवर आहे, हे सारे लिहायचे. चुकीची नोंद खोडरबराने पुसायची नाही. त्यावर एक आडवी रेघ ओढून शेजारी बरोबर नोंद लिहायची, म्हणजे चूकही वाचता येते. अपेक्षेप्रमाणे न आलेला निष्कर्ष गाळणे ही चोरी समजायची.

ओढ्यातील जीव पाहण्यासाठी दगड उचलला, तर तो जसा होता तसाच, त्याच बाजूने परत ठेवायचा, कारण त्याखाली कोणाचे तरी घर असते. जीव पांढऱ्या ताटलीत पाहून, चित्र काढून, परत पाण्यात सोडायचे. नमुना म्हणून झाडे उपटायची नाहीत. काळ्या झालेल्या बाटल्यांत जिवाणू वाढलेले असतात. त्या ओढ्यात किंवा उकिरड्यावर फेकायच्या नाहीत, शिक्षकांच्या देखरेखीखाली निर्जंतुक करूनच त्यांची विल्हेवाट लावायची.

हे शेवटचे नियम लिहिताना एका विद्यार्थ्याने विचारले, “सर, विनयातही असेच नियम आहेत ना?” प्रश्न योग्य होता. भिक्खूच्या आठ परिष्कारांत पाणी गाळण्याचे ‘परिस्सावन’ असते. जीव असलेले पाणी जाणूनबुजून वापरू नये, पाण्यात थुंकू नये, मलमूत्र विसर्जन करू नये, हे विनयाचे नियम आहेत. कान्हेरीसारख्या लेण्यांत विहारांलगत कोरलेली पाण्याची टाकी आपण सहलीत पाहिली आहेत, आणि अशी ‘पोढी’ दान दिल्याचे शिलालेखही तेथे आहेत. पाण्याची काळजी घेणे हा आपल्या परंपरेत आचाराचाच भाग होता.

निष्कर्ष आणि त्याच्या मर्यादा

गावातील 8 पाणीस्रोत आणि, विद्यार्थ्यांच्या आग्रहावरून, आमच्या वसतिगृहाची टाकी, असे एकूण 9 ठिकाणचे नमुने दोन ऋतूंत तपासले. पावसाळ्यात 6 ठिकाणच्या बाटल्या काळ्या झाल्या. त्यांत वस्तीची विहीर होती, गावठाणाची विहीर होती, आणि आमच्या वसतिगृहाची टाकीही होती. टाकीचे झाकण एका कोपऱ्यात तडकले होते, आणि तेथून कबुतरांची घाण आत जात होती. ज्या पाण्यावर उभे राहून आम्ही दुसऱ्यांचे पाणी तपासत होतो, तेच आम्ही कधी तपासले नव्हते. विद्यार्थी हसले. आम्हांला हसू आले नाही.

या वेळी शब्द जपून वापरले. ‘या नमुन्यात विष्ठाजन्य जिवाणू असण्याची शक्यता आढळली, हे पाणी निर्जंतुक करूनच प्यावे’, एवढेच लिहिले. ही चाचणी जिवाणूंचा नेमका प्रकार सांगत नाही. काही भूजलात मुळातच सल्फाइड असते, तेथे ती फसवूही शकते. म्हणून संशयित नमुने प्रयोगशाळेतूनही तपासून घेतले. आणि बाटली काळी झाली नाही, म्हणजे पाणी सर्वार्थाने सुरक्षित, असेही नव्हे. फ्लोराइड, नायट्रेट यांविषयी ही बाटली काहीच बोलत नाही. भारतीय मानकानुसार पिण्याच्या पाण्यात फ्लोराइड लिटरमागे 1 मिलिग्रॅमपर्यंत असावे, दुसरा स्रोत नसेल तर 1.5 मिलिग्रॅमपर्यंत चालते. नायट्रेटची मर्यादा 45 मिलिग्रॅम आहे. यांसाठी वेगळी तपासणी लागते.

ही मर्यादा सांगणे किती आवश्यक आहे, हे बंगालच्या उदाहरणावरून कळते. बांगलादेशात ओढ्या-तळ्यांच्या दूषित पाण्याने बालके दगावत, म्हणून 1970 च्या दशकापासून मोठ्या प्रमाणावर कूपनलिका खोदल्या गेल्या. हेतू उत्तम होता. जिवाणूंच्या दृष्टीने ते पाणी चांगलेही होते. परंतु भूगर्भातील आर्सेनिकची तपासणी तेव्हा केली जात नसे. 1990 च्या दशकात त्या पाण्यातून लक्षावधी लोकांच्या शरीरात आर्सेनिक जात असल्याचे उघड झाले. पश्चिम बंगालमध्ये तर त्याचे रुग्ण 1980 च्या दशकातच आढळले होते. जे तपासलेच नाही, त्याविषयी ‘नाही’ म्हणता येत नाही. क्षेत्र-अभ्यास करणाऱ्याने हे वाक्य मनावर कोरून ठेवावे.

निष्कर्ष परत देणे

शेवटचे काम सर्वांत महत्त्वाचे ठरले. प्रत्येक स्रोताचा निष्कर्ष आम्ही आधी तेथील पाणी पिणाऱ्यांना, त्यांच्या अंगणात जाऊन सांगितला. वस्तीपासूनच प्रारंभ केला. नंतर ग्रामसभेत एकत्रित माहिती मांडली. तेथील तक्त्यावर विहिरींची नावे नव्हती, फक्त क्रमांक होते. मोठ्या अक्षरांत होती ती कारणे : फुटलेला कठडा, लगतचा गोठा, साचलेले सांडपाणी, तडकलेले झाकण. दोष माणसांत नव्हता, बांधकामात आणि व्यवस्थेत होता, आणि तो दुरुस्त होण्याजोगा होता.

गावच्या जलसुरक्षकाने सर्व सार्वजनिक विहिरींत टीसीएल पावडर नियमित टाकण्याचे मान्य केले. आमचे विद्यार्थी ओटी चाचणीने नळाच्या पाण्यातील क्लोरीन पाहू लागले. द्रावण टाकताच पाण्याला पिवळसर छटा आली की मुले आनंदाने ओरडत. वस्तीच्या विहिरीचा कठडा ग्रामपंचायतीने पुढील वर्षी बांधला. गोठा मात्र अजून तेथेच आहे.

पोषण आहाराच्या कामावरील त्या ताई दोन महिन्यांनी पुन्हा रुजू झाल्या. गावठाणाच्या विहिरीची बाटलीही काळी झाली, हे कळल्यावर विरोध करणाऱ्यांचा आवाज आपोआप खाली आला. पण त्या दोन महिन्यांचे मानधन त्यांना मिळाले नाही, आणि त्या काळात त्यांच्या मुलीने शाळेत काय ऐकले असेल, याची भरपाई कोणत्याही सर्वेक्षणाने होण्यासारखी नाही. आमचा जुना तक्ता आम्ही फाडून टाकला नाही. तो प्रयोगशाळेत, त्या फडताळाच्या आतल्या बाजूस लावला आहे. नववीचा प्रत्येक वर्ग प्रथम तो वाचतो, त्यातील चुका शोधतो, आणि मगच बाटलीला हात लावतो.

आज आमचे अनेक माजी विद्यार्थी प्रयोगशाळांत, कृषी विभागात, आरोग्य सेवेत, महाविद्यालयांत काम करीत आहेत. कोणी माती तपासतो, कोणी रक्ताचे नमुने घेतो, कोणी वस्त्यांची पाहणी करतो. त्यांना आमचे एवढेच सांगणे आहे की, तुमच्या हातातील उपकरण कितीही अचूक असो, तुम्ही ज्या अंगणात उभे आहात ते कोणाचे तरी आहे. विचारून जा. नीट मोजा. जेवढे दिसले तेवढेच लिहा. आणि जे लिहिले ते आधी त्या अंगणातल्या माणसाला वाचून दाखवा. पालकांनाही विनंती आहे की, आपले मूल बाटली घेऊन दारात आले, तर त्याला ‘काय शोधतोस?’ असे जरूर विचारा. उत्तर नीट देता आले, तरच दोर त्याच्या हाती द्या.

त्या आजी आता हयात नाहीत. दुसऱ्या सर्वेक्षणाचा निष्कर्ष सांगायला आम्ही त्यांच्या अंगणात गेलो होतो, तेव्हा त्यांनी सर्व मुलांना पाणी दिले होते. उकळून, गाळून, झाकून ठेवलेले. “आता प्या निवांत,” त्या म्हणाल्या. आम्ही सर्वांनी ते पाणी प्यालो.

जय भीम! नमो बुद्धाय!